आत्याला पुन्हा विचारायचं नाही

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. माझी आत्या चांगली शहाणी होती, तरी तिला ती दोनदा चढावी लागली. कारण समोरच्या बाजूला शहाणपणाचा दुष्काळ होता. समोरची बाजू म्हणजे तिचे थोरले दीर. ते आता नाहीत, आणि गेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये हेही मला ठाऊक आहे. पण मी बोलणार. मी पहिल्यापासून तोंडाळ आहे, आणि एवढ्या वर्षांत त्या माणसाबद्दल बरं बोलण्यासारखं मला काही सापडलेलं नाही.

आत्या माझ्या वडिलांची धाकटी बहीण. ती त्यांना अण्णा म्हणे, म्हणून घरात आम्ही सगळेच त्यांना अण्णा म्हणायचो. आम्ही तंजावुरातले मराठी. मूळ गाव कुठलं ते आजोबांनाही सांगता येत नसे. आमच्या मराठीत तमिळ इतकं मुरलेलं होतं, की पुढं लग्न होऊन मी पुण्यात आले तेव्हा जावांनी माझ्या बोलण्याच्या नकला करून करून हसून घेतलं. देवनागरी मी इथंच शिकले. आत्याला ती कधीच वाचता आली नाही.

आत्याचं लग्न मी जन्मायच्या सुमारास झालं, पापनाशमजवळ नदीकाठच्या एका लहानशा देवळात. मुलानं स्वतः होऊन मागणी घातली होती आणि त्याच्या घरी ते पसंत नव्हतं. घरचे मध्ये पडून मोडता घालतील या धास्तीनं आजोबांनी घाईघाईत मुहूर्त धरला. आमचे मराठी भटजी परगावी गेलेले, म्हणून तिथलाच तमिळ वाध्यार बसवला. काळ्या मण्यांचं मंगळसूत्र तयार नव्हतं, तेव्हा वाध्यारानं त्यांच्या रीतीप्रमाणं हळदीच्या दोऱ्यात ताली ओवून दिली. आणि अंतरपाट! आमच्याकडे नवरा-नवरीमध्ये अंतरपाट धरल्याशिवाय मंगलाष्टकं होत नाहीत. तोच घरी विसरला. तमिळ लग्नात तो लागत नाही, त्यामुळं वाध्यारानं विचारलं नाही, आणि घाबरलेल्या आजोबांना आठवलं नाही. सप्तपदी मात्र रीतसर झाली, अग्नीभोवती, चार माणसांसमोर. झाल्यावर सासूनं, नाइलाजानं का होईना, सून घरात घेतली.

पुढं चार-पाच वर्षांतच आत्याचा नवरा तापानं गेला. मूलबाळ नव्हतं. तेराव्याचं जेवण पचलं असेल-नसेल, तोवर थोरल्या दिरांनी दावा ठोकला, की ही बाई माझ्या भावाची बायकोच नव्हे. अंतरपाट नाही, काळे मणी नाहीत, भटजी आपला नाही. आम्हा मराठी लोकांत याला लग्न म्हणत नाहीत. म्हणून भावाचं तंजावुरातलं घर माझं, आणि ही बाहेर. भाऊ जिवंत असताना हिच्या हातचं रसम वाटीनं ओरपणारा हाच माणूस. तेव्हा नाही आठवला तो अंतरपाट!

त्या पहिल्या खटल्याच्या वेळी मी शाळेत होते. कोर्टात काय झालं ते आईनं मला बऱ्याच वर्षांनी सांगितलं. दिरांच्या वकिलानं आत्याला साक्षीला उभं करून भर कोर्टात विचारलं, अंतरपाट कुणी धरला होता? नव्हता, ती म्हणाली. गळ्यात काळे मणी होते का? नव्हते. मग पहिली रात्र कुठं काढली? घरात आणखी कोण होतं? खाट होती की चटई? दार कुणी लावलं? मागं बसलेली रिकामटेकडी माणसं फिदीफिदी हसली. तेवीस-चोवीस वर्षांची बाई, नवरा जाऊन वर्ष झालेलं नाही, आणि तिनं एकेका प्रश्नाला खाली मान घालून खरं उत्तर दिलं.

मी स्वतः पाहिलं ते एवढंच, की आत्या घरी आली ती थेट मागच्या विहिरीवर गेली. लुगड्यासकट डोक्यावरून पाणी ओतून घेऊ लागली. मसणातून आल्यावर करतात तशी ती अंघोळ. आईनं हाताला धरून तिला आत आणलं.

निकाल तिच्या बाजूनं लागला. जज्जसाहेबांनी सांगितलं, की सप्तपदी झालेली आहे, लग्न कायदेशीर आहे, ही त्याची धर्मपत्नी आणि घर तिचं. दिरांनी अपील केलं नाही. तिथं ते प्रकरण मिटलं. निदान आम्हाला तसं वाटलं.

घर मिळालं, पण आत्या त्यातून काही सावरली नाही. पूर्वी ती गप्पिष्ट होती म्हणतात. मी पाहिलेली आत्या आपल्या नवऱ्याबद्दल अवाक्षर काढत नसे. कुणी विषय काढला तर चुलीवर काहीतरी उतू जातंय असं दाखवून उठून जायची. कुणाच्या लग्नाला गेली तर अंतरपाट धरायच्या वेळी नेमकी कोठीघरात. तिला सोबत म्हणून मी तिच्या घरी झोपायला जायचे. एकदा मी विचारलं, ‘आत्या, मामा दिसायला कसे होते गं?’ (आत्याच्या नवऱ्याला आमच्याकडे मामा म्हणतात.) तर म्हणाली, ‘चांगले होते. झोप आता.’ संपलं.

साठ सालानंतरची गोष्ट. मी तेव्हा कॉलेजात होते. आत्याची सासू वारली. पापनाशमकडची थोडी भातशेती तिच्या हयातीपर्यंत तिच्याकडे होती, आणि तिच्या मागं दोन्ही मुलांना अर्धी अर्धी जायची होती. म्हणजे अर्धी थोरल्या दिरांची आणि धाकट्याच्या वाटची आत्याची. सरळ हिशेब. पण सरळ चालले तर ते आमचे थोरले भावजी कसले! पुन्हा पाढे पंचावन्न. नवा दावा आला. त्यात तेच, की ही माझ्या भावाची बायको नव्हे, सबब सगळी जमीन माझी. या खेपेला एक साक्षीदारही पैदा केला होता. वाध्यार वारला होता. त्याचा पुतण्या आता सांगणार होता, की मी तिथं हजर होतो आणि सप्तपदी झालीच नाही.

कोर्टाचे कागद इंग्रजीत, म्हणून ते वाचून दाखवायचं काम माझ्याकडे आलं. आत्या इडलीचं पीठ वाटत बसली होती. मी एकेक ओळ वाचत होते आणि मध्येमध्ये त्या माणसाच्या सात पिढ्यांचा उद्धार करत होते. वाचता वाचता लक्षात आलं, की वाटण्याचा आवाज थांबलाय. आत्याचे दोन्ही हात पिठात तसेच होते.

‘देऊन टाका त्याला,’ ती म्हणाली.

‘काय देऊन टाका?’

‘जमीन. मला नको.’

दिरांना नेमकं हेच हवं होतं. दुसऱ्याच दिवशी त्यांचा एक नातेवाईक येऊन आमच्या तिण्णैवर, म्हणजे दारापुढच्या ओट्यावर, ऐसपैस बसला आणि मानभावीपणानं म्हणाला, बाईमाणसाला पुन्हा कोर्टात उभं करायचं का? त्यापेक्षा माझा काही हक्क नाही, मी त्यांची कुणी नव्हे, असं लिहून सही करून द्या. प्रकरण घरातल्या घरात मिटेल. अण्णांनी त्याला फिल्टरची कापी दिली. मी असते तर कापी डोक्यावर ओतली असती. मी कॉलेजातून आले तोवर तो गेला होता, हे त्याचं नशीब.

‘आत्या, सही केलीस तर काय होईल ते कळतंय का? लग्न झालंच नव्हतं असं तूच कबूल केल्यासारखं होईल! इतकी वर्षं काय होतीस मग तू त्या घरात?’

‘ते मला कळतं.’

‘मग उभी राहा ना! सांग ठणकावून! एकदा सांगितलंस तसं पुन्हा सांग!’

‘तू नव्हतीस तिथं,’ ती म्हणाली. ‘पाहिजे तर मला मारा, पण तिथं पुन्हा उभं करू नका.’

अण्णा मास्तर होते, स्वभावानं भित्रे. त्यांना बहिणीचंही पटत होतं आणि माझंही, त्यामुळं त्यांचा रक्तदाब तेवढा वाढला. घरात तो एक आठवडा कसा गेला ते विचारू नका. एका सकाळी आत्या दारापुढं रांगोळी घालत होती. मी मागून आले तर ती पुटपुटत होती. मला वाटलं स्तोत्र म्हणतेय. जवळ जाऊन ऐकलं. ‘अंतरपाट नव्हता. काळे मणी नव्हते. चटई होती. दार सासूबाईंनी लावलं.’ ठिपके जोडत जोडत ती उत्तरं पाठ करत होती. म्हणजे सही करायची नाही असं तिनं मनात ठरवलं होतं आणि पुन्हा त्या पिंजऱ्यात उभं राहायची तयारी चालवली होती. मी, एवढी तोंडाळ बाई, एक शब्द न बोलता आत गेले आणि देवघरात बसून रडले.

त्याच दिवशी मी अण्णांना ओढत वकिलांकडे नेलं. पहिला खटला लढवलेलेच हे वकील, आता बरेच म्हातारे झालेले. तमिळ गृहस्थ, तपकिरीचा नाद, आणि बोलणं असं संथ की ऐकणाऱ्याचा जीव जावा. त्यांनी दाव्याचे कागद सावकाश वाचले, चिमूटभर तपकीर ओढली, शिंकले, आणि हसू लागले.

मला अशी चीड आली! म्हटलं, ‘सार, माझी आत्या तिकडे जेवत नाही आणि तुम्ही हसता?’

‘अम्मा, जमीन नवी आहे,’ ते म्हणाले, ‘पण प्रश्न जुना आहे.’

मग त्यांनी समजावलं. रेस ज्युडिकाटा हा शब्द मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला. मराठीत त्याला प्राङ्न्याय म्हणतात हे फार उशिरा कळलं. ते म्हणाले, त्याच दोन माणसांमध्ये एखादा प्रश्न कोर्टानं एकदा ऐकून घेतला, पुरावा पाहिला, निकाल दिला आणि तो निकाल कायम झाला, की तोच प्रश्न त्यांना पुन्हा उकरता येत नाही. कोर्टालाही तो पुन्हा ऐकता येत नाही. ही बायको आहे की नाही, हे ठरून गेलंय. घरासाठी ठरलं असेल, पण ठरलं ते ठरलं.

‘आणि तो नवा साक्षीदार?’ अण्णांनी भीत भीत विचारलं.

‘दहा आणू देत. आणायचे तर तेव्हाच आणायचे होते.’

‘आमच्यात म्हणतात, शिळ्या कढीला ऊत आणायचा नाही,’ मी म्हटलं. मला जरासं तमिळ करून सांगावं लागलं. ते त्यांना फार आवडलं.

‘एकच अडचण आली असती,’ ते पुढं म्हणाले. ‘पहिला निकाल लहान कोर्टाचा, मुन्सिफाचा असता, तर या मोठ्या कोर्टावर तो बंधनकारक झाला नसता. तसं ते घर मुन्सिफाच्याच आवाक्यातलं होतं. पण तुमच्या पाहुण्यांना बाईवर दडपण आणायचं होतं ना? त्यांनी घराची किंमत फुगवून लावली, कोर्ट फी जास्त भरली आणि आपण होऊन सब-कोर्टात, म्हणजे या मोठ्या कोर्टात, गेले. तेव्हा मी कपाळाला हात लावला होता. आता त्यांचे आभार मानतो.’

म्हणजे स्वतःच्या बडेजावानं स्वतःच्याच पायावर धोंडा! मी इतकी मोठ्यानं हसले, की बाहेरच्या खोलीतून गुमास्ता डोकावून गेला. अण्णा मात्र हसले नाहीत. त्यांनी नेमका प्रश्न विचारला. ‘पण सार, हे कोर्ट कधी ठरवणार? तिची साक्ष झाल्यावर, की आधी?’

वकिलांचं हसू जरा मावळलं. ‘आधी ठरवा असा अर्ज मी देणार. ऐकायचं की नाही ते जज्जांच्या हातात. सगळी साक्ष घेऊन शेवटी एकदमच ठरवतो म्हणाले, तर बाईंना उभं राहावं लागेल. त्यांना घेऊन या.’

तारखेच्या दिवशी आम्ही तिघं गेलो. आत्यानं करड्या रंगाचं जुनं लुगडं नेसलं होतं आणि पदर इतका घट्ट लपेटला होता की बोटंही दिसू नयेत. मी तिच्या शेजारी बाकावर बसले. तिचे ओठ हलत होते. चटई होती, दार सासूबाईंनी लावलं. पलीकडे थोरले भावजी रुंद काठाची वेष्टी नेसून, कपाळभर गंध लावून, साक्षीदाराला मांडीशी घेऊन बसल्यासारखे बसले होते. मधूनमधून आत्याकडे बघत. मी त्यांच्याकडे असं बघितलं की ते पंख्याकडे बघू लागले.

त्यांचा वकील उभा राहिला. पहिला दावा घराचा होता, हा जमिनीचा आहे. तेव्हा सासू हयात होती, आता नाही. आणि नवा, प्रत्यक्ष पाहिलेला साक्षीदार मिळाला आहे. न्याय व्हायचा तर बाईंची आणि याची साक्ष घेतलीच पाहिजे. बोलता बोलता त्यानं आत्याकडे हात केला. आत्यानं माझं मनगट धरलं. तिची नखं माझ्या हातात रुतली, पण मी हात काढून घेतला नाही.

मग आमचे म्हातारे उठले. जुन्या निकालाची नक्कल पुढं ठेवली आणि आपल्या त्या संथ सुरात थोडंच बोलले. जज्जसाहेबांनी नक्कल चाळली.

‘हा निकाल कुठल्या कोर्टाचा?’

दिरांचा वकील खाकरला. ‘याच कोर्टाचा, साहेब.’

‘इथं दावा घेऊन आलं कोण होतं?’

‘माझे अशील.’

‘बायको आहे की नाही हाच मुद्दा होता?’

‘होता, पण...’

‘या बाईंची साक्ष झाली होती?’

‘झाली होती.’

‘उलटतपासणी?’

‘सविस्तर, साहेब.’

‘आणि हा साक्षीदार तेव्हा कुठं होता?’

साक्षीदार तेव्हाही पापनाशमलाच होता, जाणार कुठं! जज्जसाहेब म्हणाले, आधी याचाच निर्णय करू, तोवर कुणाची साक्ष नको. जेवणाच्या सुट्टीनंतर या.

ती सुट्टी सरता सरेना. आम्ही दहीभाताचा डबा नेला होता, तो कुणी उघडला नाही. सुट्टीनंतर जज्जसाहेबांनी इंग्रजीत निकाल सांगायला सुरुवात केली. ही या वादीच्या भावाची धर्मपत्नी आहे, हे याच दोघांमध्ये ठरून गेलेलं आहे. तो प्रश्न आता उघडता येणार नाही. त्या प्रश्नाशिवाय दाव्यात दुसरं काही नाही. दावा खारीज. माझा जीव भांड्यात पडला. अण्णा तर लहान मुलासारखे उपरण्यात तोंड लपवून रडले.

आत्याला इंग्रजी येत नव्हतं. ती अजून नाव पुकारायची वाट बघत होती. मी तिच्या कानात सांगितलं, ‘आत्या, झालं. ऊठ.’

‘मला बोलावलं?’

‘नाही. कुणी बोलावणार नाही. संपलं.’

तिला खरं वाटेना. बाहेर व्हरांड्यात वकील आले, तेव्हा तिनं पदर सारखा करून त्यांनाच विचारलं. त्यांच्याशी ती आपण होऊन पहिल्यांदाच बोलली असावी. ‘सार, मग मला ते सगळं परत कोणी विचारणार नाही?’

‘नाही अम्मा.’

‘ते अपील करतील म्हणे.’

‘करू देत. तिथंही कागद बघतील. तुम्हाला विचारायचं ते एकदा विचारून झालं. आता तुमच्या दिरांना नाही, त्यांच्या मुलांना नाही, कुणालाच विचारता येणार नाही.’ मग म्हाताऱ्यानं जरा थांबून म्हटलं, ‘त्या दिवशी मी जास्त जोरानं हरकत घ्यायला हवी होती. तुम्ही सगळं सोसलंत. ते वाया गेलं नाही, एवढंच सांगतो.’

आत्यानं त्यांना वाकून नमस्कार केला. अपिलाची ती धमकी पुढं हवेतच राहिली. थोरल्या भावजींनी आम्हाला लग्नामुंजीला बोलावणं बंद केलं, हा तर वर फायदाच.

आम्ही जटका करून घरी निघालो. अण्णा पुढं घोडेवाल्याशेजारी बसले, आत आम्ही दोघी. वाटेत ती एकाएकी हसली. मला वाटलं, हिला भ्रम झाला की काय.

‘सप्तपदीच्या वेळी,’ ती म्हणाली, ‘तुझ्या मामांना शिंक आली.’

आपल्या तोंडानं ती मामांचं नाव काढत होती.

‘धुरानं गं. ओल्या गोवऱ्या घातल्या होत्या. अपशकुन होईल म्हणून ते शिंक दाबायला गेले, तर डोळ्यांतून घळाघळा पाणी. आणि तुझे आजोबा आपले सगळ्यांना सांगतायत, जावईबापू किती हळवे आहेत बघा!’ ती इतकी हसली की पुढं बसलेल्या अण्णांनी मागं वळून पाहिलं. ‘येताना वाटेत वाय्क्कालच्या पाटाला पाणी चढलेलं. मी पाटापाशी अडून राहिले. तर म्हणतात कसे, उचलून नेऊ? एवढ्या माणसांसमोर! मी म्हटलं, खबरदार. मग आपल्या चपला काढून मला दिल्या आणि स्वतः चिखलातून अनवाणी आले. माझ्या पायांत त्या होड्यांसारख्या होत होत्या.’

ती सांगत होती आणि मी ऐकत होते. दहा-बारा वर्षं जी बाई या विषयाला उठून जायची, ती आता थांबायला तयार नव्हती. घर आलं, जटका थांबला, घोडेवाला भाड्यासाठी खोळंबला, तरी ती उतरेना.

‘काय काय विचारलं मेल्यांनी,’ आत्या म्हणाली. ‘खाट विचारली, चटई विचारली, दार विचारलं. तो मला आवडला होता का, एवढं एकानंही विचारलं नाही. आवडला होता गं. फार आवडला होता.’

मी अण्णांना भाडं द्यायला सांगितलं आणि तिचा हात धरून तशीच बसून राहिले, कारण ती पुढचं सांगायला लागली होती.